नकळत शिकलेलं, नकळत पक्कं झालेलं: तुमच्या कामातले अनुभव सांगा

कळफलक

नाशिकरोडला मी टायपिंगचा क्लास चालवते. येणारी बहुतेक मुलं-मुली लिपिक-टंकलेखकाच्या जागेवर डोळा ठेवून असतात. त्यासाठी मराठीत मिनिटाला ३० किंवा इंग्रजीत ४० शब्दांची गती लागते. सिन्नर, भगूर, देवळालीतून येतात. सकाळच्या बॅचची मुलं तर उजाडायच्या आत घर सोडतात. त्यांना शिकवताना एक गोष्ट रोज समोर येते, तिच्याबद्दल इथे सविस्तर बोलायचं आहे.

एखादी मुलगी विचारते, "मॅडम, 'ठ' कुठे आहे?" मला ते तोंडाने चटकन सांगता येत नाही. हात कळफलकावर ठेवते, 'ठ' असलेला एखादा शब्द मारते, बोट कुठे गेलं ते बघते आणि मग सांगते. सगळ्या सरावलेल्या टंकलेखकांचं असंच असतं. २०१४ साली अमेरिकेतल्या व्हँडरबिल्ट विद्यापीठाच्या संशोधकांनी १०० जणांवर एक प्रयोग केला. त्यांची सरासरी गती होती मिनिटाला ७२ शब्द, अचूकता ९४ टक्के. मग त्यांच्यासमोर कोरा कळफलक ठेवला आणि अक्षरं भरायला सांगितली. २६ पैकी सरासरी १५ अक्षरंच योग्य जागी भरली गेली. टाइप करताना हीच माणसं सगळी २६ अक्षरं सहज मारत होती!

त्याच विद्यापीठातला २०१० चा प्रयोग मला त्याहून मोलाचा वाटतो. लोक टाइप करत असताना संगणक गुपचूप दोन उद्योग करायचा. कधी त्यांची खरी चूक पडद्यावर दुरुस्त करून दाखवायचा, तर कधी बरोबर मारलेल्या शब्दात चूक घुसडायचा. विचारलं की लोक पडद्यावर जे दिसलं तेच खरं मानायचे. दुरुस्त केलेल्या शब्दाचं श्रेय घ्यायचे, घुसडलेल्या चुकीचा दोष स्वतःकडे घ्यायचे. बोटं मात्र फसली नाहीत. खरी चूक झाली की पुढची कळ दाबायला बोट किंचित अडखळायचं, मग पडद्यावर काहीही दिसो. घुसडलेल्या चुकीनंतर ते अडखळत नव्हतं.

आता माझी अडचण. टाइपरायटरच्या जुन्या कळफलकावर 'दि' लिहायचं तर आधी ऱ्हस्व वेलांटी मारायची, मग 'द', कारण कागदावर वेलांटी डावीकडे उमटते. संगणकावरच्या इनस्क्रिप्ट कळफलकात क्रम उच्चाराचा, म्हणजे आधी 'द', मग वेलांटी. जुन्या पद्धतीवर हात बसलेली मुलं इनस्क्रिप्टवर आली की 'दिवस' लिहिताना वेलांटी आधी पडते आणि ती ठिपक्यांच्या वर्तुळावर एकटीच उभी राहते. नियम विचारा, अचूक सांगतात. वहीत दहा वेळा लिहून दाखवतात. उतारा सुरू झाला की पुन्हा वेलांटी आधीच!

मला जे दिसतं ते असं: नकळत जे शिकलं जातं ते सरावाने आत जातं, आणि आत जाताना हे बरोबर की चूक याची तपासणी कुणी करत नाही. एकदा बसलेली चूक सांगून जात नाही. तुमच्या कामात, घरात हे कसं दिसतं? आणि त्यावर काय करता?

---

त्रिमूर्ती_चौक

चांगला धागा. यालाच मसल मेमरी म्हणतात ना? म्हणजे स्नायूंमध्ये साठलेली आठवण?

---

सायली_कॉलेजरोड

@त्रिमूर्ती_चौक, शब्द रुळलाय खरा, पण आठवण स्नायूंत नसते, मेंदूतच असते. फक्त मेंदूच्या वेगळ्या भागांत. मी मानसशास्त्र शिकवते, हा माझ्या जिव्हाळ्याचा विषय, त्यामुळे जरा लांबण लावते.

हे वेगळेपण सगळ्यात स्पष्ट दिसलं ते हेन्री मोलेसन या अमेरिकन माणसात. हयातभर शास्त्रीय लेखनात त्याचा उल्लेख फक्त 'एच. एम.' असा व्हायचा. नाव जाहीर झालं ते २००८ साली तो गेल्यावर. त्याला अपस्माराचे भयंकर झटके यायचे. १९५३ साली, वयाच्या २७ व्या वर्षी, विल्यम स्कोव्हिल या शल्यचिकित्सकाने त्याच्या मेंदूच्या दोन्ही बाजूंचा हिप्पोकॅम्पसचा (नव्या आठवणी तयार करणाऱ्या भागाचा) मोठा भाग आणि आजूबाजूचा काही भाग काढला. झटके कमी झाले, पण नवी आठवण तयार होणंच थांबलं. डॉक्टर खोलीबाहेर जाऊन परत आल्या की त्याच्या दृष्टीने त्या नव्याच.

त्या डॉक्टर म्हणजे ब्रेंडा मिल्नर. त्यांनी त्याला एक काम दिलं. चांदणीची दुहेरी रेघांची आकृती, त्या दोन रेघांच्या मधून पेन्सिल फिरवायची, पण हात थेट दिसणार नाही, फक्त आरशात दिसेल. कुणीही करून बघा, पेन्सिल भलतीकडेच जाते. तीन दिवस सराव झाला. त्याच्या चुका झपाट्याने कमी झाल्या आणि दुसऱ्या दिवशीची सुरुवात आदल्या दिवसाच्या शेवटाइतकीच चांगली असायची. त्याला मात्र दर वेळी वाटायचं की हे काम आपण पहिल्यांदाच करतोय.

म्हणजे 'काय घडलं' याची आठवण आणि 'कसं करायचं' याची आठवण मेंदू वेगवेगळी सांभाळतो. दुसऱ्या प्रकारात बेसल गँग्लिया (मेंदूत खोलवर असलेले चेतापेशींचे पुंजके) आणि लहान मेंदू यांचा मोठा वाटा असतो. १९९६ मध्ये याची उलटी बाजूही दाखवली गेली. पत्ते बघून आज पाऊस की ऊन याचा अंदाज करायचा खेळ होता. नियम कुणी सांगत नाही, खेळता खेळता अंदाज सुधारत जातो. स्मृतिलोप झालेले रुग्ण तो खेळ शिकले, पण आधी काय खेळलो ते त्यांना सांगता येईना. पार्किन्सनच्या रुग्णांना, ज्यांचं बेसल गँग्लियाचं काम बिघडलेलं असतं, खेळाचा सगळा तपशील आठवत होता, पण अंदाज काही सुधारला नाही.

@कळफलक, तुमची मुलं नियम सांगतात आणि बोटं भलतंच करतात, त्याचं कारण हेच. नियम एकीकडे, बोटं दुसरीकडे.

---

घनपाठ

त्र्यंबकेश्वरच्या पाठशाळेत शिकलो, आता पंचवटीत असतो. "तपासणी कुणी करत नाही" हे कळफलकताईंचं वाक्य वाचून लिहायला बसलो, कारण आमच्या परंपरेने ती तपासणी शिकवण्यातच बसवली आहे.

संथा, म्हणजे गुरुमुखातून पाठ, घेताना गुरुजी एकदा म्हणतात, आम्ही दोनदा. पोथी समोर नसते. स्वर चुकला की गुरुजी तिथेच, त्याच अक्षराला थांबवतात. ओळ पूर्ण होऊ देत नाहीत. लहानपणी हे फार कडक वाटायचं. आज मी स्वतः मुलांना संथा देतो तेव्हा कळतं की चुकीचा स्वर एकदा आवर्तनात गेला की तो काढायला बरोबर शिकवण्याच्या कितीतरी पट वेळ लागतो. अनुदात्ताच्या, म्हणजे खालच्या स्वराच्या, जागी उदात्त, म्हणजे वरचा, बसलेला मुलगा वर्षानुवर्षं तिथेच घसरतो. थांबवून सांगितलं तर बरोबर म्हणून दाखवतो, ओघात आला की पुन्हा तेच.

दुसरी गोष्ट विकृतींची, म्हणजे पदांचा क्रम उलटसुलट करून म्हणण्याच्या पद्धतींची. जटापाठात पहिलं पद-दुसरं पद, दुसरं-पहिलं, पहिलं-दुसरं असं जातं. घनात त्यात तिसरंही येतं: पहिलं-दुसरं, दुसरं-पहिलं, पहिलं-दुसरं-तिसरं, तिसरं-दुसरं-पहिलं, पुन्हा पहिलं-दुसरं-तिसरं. अर्थाच्या दृष्टीने उलटं म्हणण्याला काही कारण नाही. पण प्रत्येक पद इतक्या वेगवेगळ्या शेजारांत म्हटलं जातं की नुसत्या ओघावर ते पुढे सरकू शकत नाही. चूक असेल तर उलटं म्हणताना उघडी पडते.

ओघाची ताकद किती असते तेही सांगतो. अध्यायाच्या मधलाच एखादा मंत्र कुणी विचारला तर चांगले चांगले वैदिक दोन-तीन मंत्र मागे जाऊन सुरुवात करतात. तिथून धरलं की तो आपोआप तोंडात येतो. आणि आम्ही शुक्ल यजुर्वेदी स्वरासाठी हात हलवतो. हात बांधून म्हणायला सांगा, अडखळायला होतं.

---

सायली_कॉलेजरोड

घनपाठ, फार मोलाचं लिहिलंत. वैदिकांच्या मेंदूचा अभ्यास झाला आहे. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात २१ पंडितांच्या मेंदूची तुलना त्याच वयाच्या इतर २१ जणांशी केली होती. पंडितांच्या मेंदूत बऱ्याच ठिकाणी करडा भाग (चेतापेशींचा, ज्याला ग्रे मॅटर म्हणतात) जास्त आढळला, उजव्या हिप्पोकॅम्पसमध्येही. पाठांतरानेच तो वाढला असं मात्र अशा एकदाच केलेल्या तुलनेवरून म्हणता येत नाही. त्यासाठी मुलं पाठशाळेत येतानाची आणि बाहेर पडतानाची, अशी दोन्ही मोजमापं हवीत.

---

दिंडोरीचा_बागायतदार

आमच्याकडं द्राक्षाच्या ऑक्टोबर छाटणीला सुरगाणा-पेठ भागातून टोळ्या येतात. टोळीतला जुना माणूस काडी हातात धरतो न धरतो तोच कात्री चालते. डोळा म्हणजे काडीवरची कोंब फुटायची जागा. विचारलं, "दादा, पाचव्या डोळ्यावर का घेतली, सातव्यावर का नाही?" तर म्हणतो, "हितंच घ्यायची." दुसऱ्या काडीला तोच माणूस आठव्यावर जातो. आम्ही छाटणीआधी काडी तपासायला देतो, घड कितव्या डोळ्यात आहे त्याचा रिपोर्ट येतो. दादाची कात्री बहुतेक तिथंच पडलेली असते, आणि त्यानं रिपोर्ट बघितलेला नसतो.

माझा प्रश्न सरळ आहे. ही माणसं आता थकत चालली. नवी पोरं एका हंगामात शिकतील असं काही करता येतं का, की हे वर्षानुवर्षं कात्री चालवूनच येणार? ज्याला येतं त्यालाच सांगता येत नाही म्हटल्यावर शिकवायचं कुणी?

---

येवलेकर

बागायतदार भाऊंना +१. आमच्याकडे पैठणीच्या मागावरही हेच. जुना विणकर मोर उठवताना रंगाची कांडी कुठे बदलायची ते बघत नाही, बोटं बदलतात.

पण मला दुसरीच गोष्ट सांगायची आहे. मी दुकानात बसतो. गिऱ्हाईक साड्या बघतं, एक निवडतं आणि का निवडली ते सांगतं: काठ आवडले, रंग उठून दिसतो. बऱ्याचदा मला स्पष्ट दिसतं की कारण वेगळंच होतं. ती साडी शेवटी उलगडली होती, किंवा शेजारच्या बाई तिच्याकडे बघत होत्या. गिऱ्हाईक खोटं बोलत नाही, त्याला खरंच तसं वाटत असतं. याचाही काही अभ्यास झाला आहे का?

---

सायली_कॉलेजरोड

@येवलेकर, अगदी हाच! १९७७ साली निस्बेट आणि विल्सन या दोघांनी एक लेख लिहिला, त्यात एका दुकानातला प्रयोग आहे. पायमोज्यांचे चार जोड ओळीने मांडले होते, चारही एकसारखे. सर्वांत चांगला कुठला ते सांगा, म्हटलं. सगळ्यात उजवीकडच्या जोडाला सर्वाधिक पसंती मिळाली. कारण विचारलं तर लोकांनी वीण आणि पोत सांगितलं. तो कुठे मांडला होता हे कारण कुणीच दिलं नाही. जागेचा काही परिणाम झाला असेल का असं थेट विचारलं तर बहुतेकांनी साफ नाकारलं.

आपण का वागलो याचं कारण आपल्याला आतून दिसतं असं वाटतं. पुष्कळदा ते बाहेरच्या माणसासारखं आपणही अंदाजानेच काढत असतो.

@दिंडोरीचा_बागायतदार, तुमच्या प्रश्नाला चांगलं उत्तर आहे. कोंबडीच्या एक दिवसाच्या पिल्लांमधून नर-मादी वेगळे करणारे तज्ज्ञ असतात. "कसं ओळखता ते सांगता येत नाही" याचं उदाहरण म्हणून त्यांचं नाव जगभर घेतलं जातं. १९८७ मध्ये बीडरमन आणि शिफरार यांनी जवळजवळ ५० वर्षं हे काम केलेल्या एका तज्ज्ञाला फोटो दाखवून, नेमकं कुठे बघतोस हे खोदून खोदून विचारलं. त्यातून पानभराची सूचना तयार केली: अमुक जागी बघा, उंचवटा असा असेल तर नर, तसा असेल तर मादी. कधीही पिल्लू हातात न धरलेल्या लोकांनी ते पान वाचलं आणि फोटो ओळखण्यात ते तज्ज्ञांच्या बरोबरीला आले. कामाचा वेग अर्थात पानाने येत नाही. पण "सांगताच येत नाही" ही शेवटची पायरी नाही, हे त्यातून दिसलं. तज्ज्ञाला एकदम "कसं?" विचारलं तर उत्तर येत नाही. दोन नमुने शेजारी ठेवून "यात आणि त्यात तू काय वेगळं बघतोस?" विचारलं तर येतं.

---

त्रिमूर्ती_चौक

सगळं वाचतोय, फार शिकायला मिळतंय. एक गंभीर प्रश्न. आमच्या भागात 'सुप्त मनाची शक्ती' अशा नावाच्या कार्यशाळा सारख्या होतात. माझ्या भाच्याला दहावीसाठी अशाच एका ठिकाणी घातलं होतं. फी बहिणीला न परवडणारी. झोपताना ऐकायचं रेकॉर्डिंग दिलं, त्यात संगीताखाली न ऐकू येणाऱ्या सूचना आहेत म्हणे. 'तुझी स्मरणशक्ती तल्लख आहे' वगैरे. पोरगं रात्री कानात बोंडं घालून झोपायचं आणि अभ्यास आपोआप होतोय म्हणून वाचायचं कमी झालं. तुम्ही सगळे नकळत शिकण्याबद्दल बोलताय. मग हे खरं की खोटं?

---

सायली_कॉलेजरोड

खोटं. आणि याची नीट तपासणी झालेली आहे. १९९१ साली ग्रीनवॉल्ड आणि सहकाऱ्यांनी अशाच कॅसेट घेतल्या. काही स्मरणशक्ती वाढवायच्या, काही आत्मविश्वास वाढवायच्या. अर्ध्या लोकांच्या कॅसेटवरचं लेबल बदललं. महिनाभर रोज ऐकून झाल्यावर चाचणी घेतली. कॅसेटमधल्या सूचनांमुळे ना स्मरणशक्ती वाढली ना आत्मविश्वास. पण लेबलवर 'स्मरणशक्ती' लिहिलं होतं त्यातल्या बऱ्याच जणांना आपली स्मरणशक्ती सुधारली असं मनापासून वाटत होतं, कॅसेट आत्मविश्वासाची असली तरी.

या सगळ्याचं मूळ १९५७ चं आहे. जेम्स व्हिकरी नावाच्या जाहिरातवाल्याने दावा केला की सिनेमा चालू असताना डोळ्याला न कळेल इतक्या कमी वेळात 'पॉपकॉर्न खा' असा मजकूर झळकवला आणि विक्री वाढली. पुढे १९६२ मध्ये त्यानेच कबूल केलं की त्या दाव्यात दम नव्हता. गोष्ट मात्र आजही सांगितली जाते.

आमच्या क्षेत्रातही सगळं सोनं नाही, हे सांगायला हवं. म्हातारपणाशी निगडित शब्द वाचले की माणसं नकळत हळू चालतात, असा १९९६ चा एक प्रयोग फार गाजला. २०१२ मध्ये बेल्जियममध्ये तो पुन्हा केला आणि वेळ यंत्राने मोजली, तेव्हा परिणाम दिसला नाही. प्रयोग घेणाऱ्यालाच तशी अपेक्षा होती तेव्हा तो पुन्हा दिसला. एखाद-दुसऱ्या शब्दाने माणसाचं वागणं फिरतं, असल्या दाव्यांवर मी आता सहज विश्वास ठेवत नाही. सरावाने नकळत शिकलं जातं याचे पुरावे मात्र दर ठिकाणी पुन्हा पुन्हा मिळतात. भाच्याला म्हणावं, बोंडं काढ, पुस्तक मिट आणि काय आठवतं ते कागदावर लिहून काढ. रोडिगर आणि कारपिकी यांनी २००६ मध्ये दाखवलं की पुन्हा वाचणारे पाच मिनिटांनंतरच्या परीक्षेत पुढे होते आणि आठवून लिहिणारे आठवड्यानंतरच्या.

---

अश्विनी_पंचवटी

मी नुसती वाचत होते. आज लिहितेय कारण हे सगळं माझ्या घरात चालू आहे.

आईला अल्झायमर आहे. माझं नाव कधी आठवतं, कधी नाही. जेवली की नाही हे आठवत नाही. पण पीठ समोर ठेवलं तर भाकरी अशी थापते की कड कुठे फाटत नाही. काटवटीत पिठाचा गोळा फिरतो, तळहात बरोबर कडेला येतो, मध्ये पिठाची चिमूट घेते. मी शेजारी उभी राहते, गॅस माझ्या हातात ठेवते. कापूस दिला तर वाती वळते. हे का टिकलं ते सायलीताईंच्या लिहिण्यावरून कळलं.

न कळलेली गोष्ट दुसरी आहे. आईसाठी दिवसभराची एक बाई ठेवली होती. ती एकदा आईवर जोरात ओरडली, हाताला धरून ओढलं. शेजारणीने पाहिलं. संध्याकाळी आईला विचारलं, काय झालं? तिला काहीच आठवत नव्हतं. पण दुसऱ्या दिवसापासून ती बाई जवळ आली की आई आक्रसून घ्यायची, तिच्या हातून घास घेईना. विचारलं तर म्हणायची, "मला नाही आवडत." त्या बाईंना काढलं. भाऊ म्हणतो, आईला आठवतच नाही तर तिला त्रास कसला? मला त्याचं पटत नाही, पण उत्तरही देता येत नाही.

---

सायली_कॉलेजरोड

अश्विनीताई, तुम्ही केलंत ते अगदी योग्य. भावाला हे वाचून दाखवा.

१९११ साली जिनिव्हाच्या एदुआर क्लापारेद या डॉक्टरांनी एक नोंद केली. त्यांची एक रुग्ण होती, तिला नवं काहीच लक्षात राहत नसे. रोज डॉक्टरांची नव्याने ओळख करून द्यावी लागे. त्यांनी एकदा हातात टाचणी लपवून तिच्याशी हस्तांदोलन केलं. तिला टोचलं. थोड्या वेळाने ती घटना विसरली. पुन्हा हात पुढे केला तेव्हा तिने आपला हात मागे घेतला आणि का ते तिला नीट सांगता येईना. घटना गेली, भीती राहिली.

आधुनिक अभ्यासही आहे. २०१० मध्ये हिप्पोकॅम्पसला इजा झालेल्या पाच रुग्णांना दुःखी आणि आनंदी प्रसंगांच्या चित्रफिती दाखवल्या. काय पाहिलं ते थोड्या वेळात विसरले, पण दुःख रेंगाळत राहिलं. आनंदही राहिला. २०१४ मध्ये अल्झायमरच्या रुग्णांमध्येही तेच दिसलं. तुमच्या आईला त्रास झाला आणि तो होत राहिला. तसंच तुम्ही शेजारी उभं राहून भाकरी करू देता, त्याचं बरं वाटणंही तिच्यात राहतं, तिला ते आठवो न आठवो.

आणि एक उपयोगाचं. @कळफलक यांनी पहिल्या पोस्टमध्ये जे म्हटलंय, त्याचाच हा भाग आहे. १९९४ मध्ये बॅडली आणि विल्सन यांनी स्मृतिलोपाच्या रुग्णांना शब्द शिकवले. एका पद्धतीत रुग्णाला अंदाज करायला लावायचे, चुकला की बरोबर सांगायचे. दुसऱ्या पद्धतीत अंदाज करूच द्यायचा नाही, थेट बरोबर शब्द द्यायचा. दुसऱ्या पद्धतीने रुग्ण पुष्कळ जास्त शिकले. कारण आपण एकदा चुकलो होतो हे धडधाकट माणसाला आठवतं, त्यामुळे तो चूक टाळतो. ती आठवणच नसेल तर तोंडून निघालेली चूकच पुढच्या वेळी पुन्हा पुढे येते. म्हणून आईला "सांग बघू मी कोण?" असं विचारू नका. आत येतानाच "आई, मी अश्विनी आले" म्हणा. न्हाणीघराचा रस्ता दाखवायचा असेल तर ती भलत्या दाराकडे वळण्याआधी सोबत जा, दर वेळी त्याच बाजूने, दारावर मोठं चित्र लावा.

---

अश्विनी_पंचवटी

"सांग बघू मी कोण" हे आमच्याकडे येणारा प्रत्येक पाहुणा विचारतो. आता दारातच सगळ्यांना सांगेन. मनापासून आभार.

---

घनपाठ

अश्विनीताई, आईला लहानपणापासून पाठ असलेलं काही, हरिपाठ किंवा रामरक्षा, त्यांच्यासोबत म्हणून बघा. मधूनच नको, पहिल्या ओळीपासून सुरू करा.

---

येवलेकर

@कळफलक ताई, मूळ प्रश्न राहिला. बसलेली चूक मग जातच नाही का?

---

कळफलक

पुसली जात नाही, असं माझं मत झालंय. तिच्यावर नवी सवय बसवता येते आणि ती रोजच्या वापरात वरचढ होते. जुनी मात्र खाली असते. पाव्हलॉव्हच्या कुत्र्यांमध्येही हेच दिसलं होतं: घंटेला लाळ येणं बंद पडलं, मध्ये काही वेळ गेला आणि घंटा वाजली की पुन्हा थोडी लाळ आली. आमच्याकडे ते परीक्षेच्या दिवशी दिसतं. महिनाभर वेलांटी बरोबर पडते, आणि परीक्षेत घड्याळ सुरू झालं की जुनी उफाळून येते.

या धाग्यावरून क्लासमध्ये काय करतेय ते सांगते. घनपाठ यांच्या गुरुजींचं थांबवणं उचललं आहे. नव्या मुलांना सुरुवातीला गती मोजूच देत नाही. इतकं हळू मारायचं की चूक होणारच नाही. वेलांटीचा शब्द चुकला तर मागे जाऊन खोडून पुढे पळायचं नाही, तिथेच थांबून पूर्ण शब्द पुन्हा. जुन्या कळफलकावरून आलेल्यांना पहिले काही आठवडे दोन्ही कळफलक आलटून पालटून वापरायला मनाई आहे.

दुसरं, सराव वाटून. पालक म्हणतात परीक्षा जवळ आली, चार तास बसवा. १९७८ मध्ये बॅडली आणि लाँगमन यांनी ब्रिटिश टपाल खात्यातल्या लोकांना टायपिंग शिकवून हे तपासलं होतं. रोज एकच तास बसणाऱ्यांना एकूण तास सर्वांत कमी लागले, दोन-दोन तासांच्या दोन बैठका घेणाऱ्यांना सर्वांत जास्त. गंमत म्हणजे एक तासवालेच सगळ्यात नाखूश होते, कारण दिवस जास्त लागले आणि आपण मागे पडतोय असं त्यांना वाटत होतं. आपण कसं शिकतोय याबद्दलचं आपलं वाटणं कितपत भरवशाचं, याचंही हे उदाहरण.

---

सायली_कॉलेजरोड

परीक्षेच्या दडपणाबद्दल एक भर. बायलॉक आणि सहकाऱ्यांनी २००२ मध्ये फुटबॉल खेळणाऱ्यांना, चेंडू पायाने पुढे नेताना पायाच्या नेमक्या बाजूकडे लक्ष द्यायला सांगितलं. नवख्यांचं काम, लक्ष दुसरीकडे असतानापेक्षा, चांगलं झालं. मुरलेल्यांचं बिघडलं. तेव्हा तुमचं हळू आणि लक्ष देऊन मारायला लावणं सुरुवातीसाठी बरोबर आहे. हात बसल्यावर मात्र लक्ष बोटांवरून काढून उताऱ्याकडे न्यायला शिकवावं लागेल.

---

दिंडोरीचा_बागायतदार

छाटणी उरकली, म्हणून परत आलो. सायलीताईंनी सांगितलं तसं केलं. दादासमोर दोन काड्या शेजारी धरल्या आणि विचारलं, या दोघींत काय वेगळं? पहिल्यांदा "काय सांगू" म्हणाला. मग हळूहळू बोलायला लागला. काडी गोल आहे का बोटांत फिरवून बघतो, डोळा किती फुगीर आहे ते बघतो, आणि दोन डोळ्यांमधलं अंतर लांब वाटलं तर पुढं जात नाही. हे आपण बघतो असं त्यानंही कधी म्हटलं नव्हतं. पोरानं फोनवर रेकॉर्ड केलं. आता त्या काड्यांचे फोटो काढून, खाली त्याचं बोलणं लिहून, नव्या पोरांना देणार आहे. घड निघाले की कुठल्या पोराची काडी किती लागली तेही झाडाला खूण करून बघायचं ठरवलंय.

---

कळफलक

बागायतदार दादा, फोटो आणि लिहिलेलं जमलं तर इथे टाका. आणि येवलेकर, तुमच्या ओळखीत इनस्क्रिप्टवर अडलेलं कुणी असेल तर शनिवारी दुपारची बॅच रिकामी असते, पाठवा. येताना जुन्या कळफलकावर शिकलेत की थेट संगणकावर, तेवढं आधी विचारून ठेवा.